बडग्याचे बूट

मागच्या वर्षी दादाकडे गेले होते, तेव्हा भाचीच्या टेबलावर एक इंग्रजी पुस्तक पडलेलं दिसलं. चष्मा पर्समध्ये होता, त्यामुळे नुसतं जाड अक्षरांतलं नाव वाचता आलं, ‘द देवलीवालाज’. मी म्हटलं, घ्या! आपल्या देवळीवर कुणी एवढं पुस्तक लिहिलं?

आपली देवळी म्हणजे वर्ध्याची. वर्ध्याहून यवतमाळच्या रस्त्याला लागलं की येते ती. माझी मावशी तिथं दिलेली. मे महिन्यात आम्ही एसटीतून धूळ खात तिकडे जायचो, आणि दिवाळीच्या आधी आमचे आखूड झालेले फ्रॉक, दादाची जुनी दप्तरं, मागची पानं कोरी राहिलेल्या वह्या, असं सगळं गाठोडं बांधून मावशीच्या पोरांसाठी जायचं. देवळी म्हटलं की मला अजूनही आईनं गुडघा रोवून आवळलेलं ते गाठोडंच आठवतं.

भाची हसली. म्हणाली, "आत्या, ही तुझी देवळी नाही न. ही राजस्थानातली."

इंग्रजीत ळ नाही, म्हणून दोन्ही गावांचं स्पेलिंग एकच. ही दुसरी देवली टोंक जिल्ह्यात, जयपूरहून कोट्याला जाताना लागते. पुस्तक घरी आणलं आणि चार दुपारी न झोपता वाचून काढलं. नवरा दोनदा विचारून गेला, चहा आज मिळणार आहे का.

गोष्ट १९६२ची. चीनशी युद्ध झालं त्या नोव्हेंबरात आसाम, शिलाँग, दार्जिलिंग, कालिंपाँग या भागांतून चिनी वंशाची माणसं पोलिसांनी घराघरांतून उचलली आणि देवलीच्या छावणीत नेऊन ठेवली. सुमारे तीन हजार माणसं. त्यांतला कुणी सैनिक नव्हता. चहाच्या मळ्यातले सुतार, बूट करणारे, हॉटेलवाले, त्यांच्या बायका, म्हाताऱ्या आया, आणि पोरं. कितीतरी जण इथंच जन्मलेले, कुणाची आई असमिया, कुणाची नेपाळी. कायद्यानं आजा-आजीपैकी एक जण शत्रुदेशाचा नागरिक असला तरी पुरे होतं. शिलाँगच्या एका सोळा वर्षांच्या मुलाला तर शाळेतूनच शिपाई घेऊन गेले.

छावणीही काही नवी बांधलेली नव्हती. इंग्रजांनी तिथं राजबंदी ठेवले होते. १९४१ साली जयप्रकाश नारायण तिथंच होते, आपले कॉम्रेड डांगेही. दुसऱ्या महायुद्धात मलाया-सिंगापुराकडून पकडून आणलेली जपानी कुटुंबं लेकराबाळांसकट तिथं आणली गेली. म्हणजे इंग्रज गेले तरी कुलूप तेच राहिलं, आणि आपण ते पंधरा वर्षांनी पुन्हा लावलं.

इथं एक गंमत सांगते. मी लहानपणापासून नागपूरच्या सदरची. आमच्या शेजारच्या भागाचं नावच छावनी. ‘छावनीत जाऊन येते’ म्हणजे दळण टाकून येते, एवढाच त्या शब्दाचा अर्थ मला सत्तर वर्षं माहीत.

पुस्तक दोघांनी मिळून लिहिलंय, जॉय मा आणि दिलीप डिसूझा यांनी, २०२० साली. जॉय मा यांचा जन्मच त्या छावणीतला. तिथल्या स्वतःच्या आठवणी म्हणाव्या तर मूठभर असणार, म्हणून त्या आपल्याहून मोठ्या असलेल्यांकडे गेल्या, जे तेव्हा आठ, दहा, तेरा वर्षांचे होते आणि आता टोरांटोत, कॅलिफोर्नियात, कोलकात्यात म्हातारे झालेत. त्यांच्याही आधी आसामच्या रीता चौधुरी यांनी ‘माकाम’ ही कादंबरी असमियात लिहिली, २०१० साली. माकुम हे वरच्या आसामातलं चिनी वस्तीचं गाव. इंग्रजांनी चहा लावायला आणलेल्या चिनी कामगारांची मुलंनातवंडं तिथली. बाई त्या माणसांचा शोध घेत देशोदेशी हिंडल्या. घरात ज्या गोष्टीचा कुणी उच्चारही करत नव्हतं ती या लिहिणाऱ्या बायांनी दारात बसून, धीर धरून, बोलती केली. हे काम किती कठीण आहे ते मला आता कळतंय. का, ते पुढे येईलच.

मुलांना काय आठवतं बघा. तारखा नाहीत, कलमं नाहीत. अर्धा कच्चा भात आठवतो. दार्जिलिंगच्या थंडीतून आलेल्या अंगाला राजस्थानचा उन्हाळा कसा लागला ते आठवतं. म्हातारी माणसं तिथं गेली, त्यांचं आठवतं. आणि गाडी. आगगाडीचा सात दिवसांचा प्रवास बहुतेक सगळ्यांच्या बोलण्यात येतो. डब्यांवर इंग्रजीत ‘शत्रूची गाडी’ असं लिहिलेलं होतं. एका स्टेशनावर दीडदोनशे गावकरी जमले आणि त्यांनी शेण लावलेल्या चपला गाडीवर फेकल्या. आतल्या लेकरांनी धडपडत खिडक्या ओढून घेतल्या.

या चपलांपाशी मी पुस्तक मिटलं. त्या दुपारी पुढं वाचलं नाही.

कारण माझ्या मनात आलं ते गाडीतल्या पोरांचं नव्हतं. बाहेरच्या पोरांचं होतं. त्या गर्दीत लहान मुलं असणारच, अशा गर्दीत आम्ही पोट्टे नेहमी सगळ्यांत पुढे. ती आज माझ्या वयाची असतील, सत्तरीची, नातवंडांना शाळेत सोडणारी. आतल्यांनी लिहिलं, सांगितलं, रडले. फेकणाऱ्यांपैकी एकानं ‘चप्पल माझी होती’ असं लिहिलेलं माझ्या वाचनात नाही.

आपल्याकडे युद्धातल्या मुलांची गोष्ट सांगतात ती वळिवड्याची. कोल्हापूरजवळ १९४३ ते ४८ पोलिश निर्वासितांची छावणी होती, पाचेक हजार माणसं. रशियानं घरादारातून उचलून सायबेरियाकडे नेलेली ही बायकापोरं तिथून सुटून फिरत फिरत पंचगंगेच्या काठी आली. त्या पोरांनी म्हातारपणी कोल्हापूरची आठवण काढली, परत येऊन गेली, तिथं स्मारक झालं. सांगावी अशीच गोष्ट आहे, मीही शाळेत सांगायची. पण ती सांगताना आपली छाती फुगते, हेही खरं. ज्या पोरांना आसरा दिला त्यांची नावं आपण जपतो. ज्यांना डांबलं त्यांच्या छावणीचं नावही आपल्याला वर्ध्याचं वाटतं.

(हे सगळं मी आमच्या वाचन मंडळात बोलले तेव्हा एक जण म्हणाली, "हो न, ते तिरोडीचे चिनी बाबा, माहीत आहेत." नाही हो, ते वेगळे. तुमसरहून तिरोडीला गाडी जाते, तिथं राहणारे वांग छी हे चिनी सैन्यातले, १९६३च्या जानेवारीत हद्द ओलांडून आले आणि सहा-सात वर्षं तुरुंगात काढून तिरोडीला वसले. २०१७ मध्ये कुठं त्यांना आपलं गाव बघायला मिळालं. तीही गोष्ट आतडं पिळवटणारीच आहे. पण ते सैनिक होते. मी सांगतेय ती मधल्या सुट्टीतल्या पोरांची.)

आता माझं.

रेसिडेन्सी रोडवरून आत वळलं की आमची गल्ली. गल्लीच्या तोंडाशी एका चिनी कारागिराचं बुटांचं दुकान होतं, वर दोन खोल्यांत ते राहायचे. नवरा, बायको, एक मुलगा आणि माझ्याएवढी एक मुलगी. तिचं नाव इथं लिहीत नाही. खरं नाव आम्हाला कधी धड म्हणताच आलं नाही. गल्लीनं ठेवलेलं एक नाव होतं, तेही राहू दे. ती बिल्लस खेळायला आमच्यात यायची आणि एका पायावर माझ्यापेक्षा जास्त वेळ टिकायची. बोलायची आमच्यासारखंच, "काहून बे, माझी पाळी होती न!"

जूनमध्ये शाळा सुरू होण्याआधी बाबा आम्हाला तिथं न्यायचे. दुकानात कातड्याचा आणि डिंकाचा वास. भिंतीवर लाकडी फर्मे टांगलेले, लहानमोठे, नुसते पायच पाय. तो माणूस खाली बसायचा, जमिनीवर तपकिरी कागद पसरायचा आणि म्हणायचा, "बेबी, पैर सीधा रखो." मग पेन्सिल टाचेपासून सुरू व्हायची. बाहेरच्या बाजूनं करंगळीपर्यंत काही वाटायचं नाही. आतल्या बाजूला, तळव्याची कमान असते तिथं पेन्सिल आली की मला इतक्या गुदगुल्या व्हायच्या की पाय उचलला जायचा आणि रेघ तुटायची. मग नवा कागद. तो कधी रागावला नाही. तोंडात चारपाच चुका, म्हणजे बारीक खिळे, धरलेल्या असायच्या, त्यामुळे बोलता येत नसावं, असं मला तेव्हा वाटायचं. बाबा म्हणायचे, एक बोट वाढीव ठेवा. तो मान हलवायचा आणि कागदावर माझं नाव त्याच्या लिपीत लिहायचा. माझ्या नावाची चिनी अक्षरं कुणीतरी कुठंतरी लिहून ठेवली आहेत, याचा मला केवढा तोरा होता.

तिसरीतले माझे बूट काळे, पट्ट्याचे, पितळी बकलाचे होते. पावसाळ्यात डाव्या बुटाचं बक्कल तुटलं. मी एकटीच घेऊन गेले. त्यानं एक पत्र्याचा डबा पुढे केला आणि मुलीला म्हणाला, शोध. तिनं डबाभर उलथापालथ केली, पण पितळी मिळालं नाही. एक पांढरं मिळालं, चकचकीत. तिनं ते माझ्या बुटावर धरून पाहिलं आणि मान डोलावली. त्यानं तिथंच शिवून दिलं, पैसे घेतले नाहीत. त्या दिवसापासून माझ्या उजव्या पायात पिवळं बक्कल आणि डाव्यात पांढरं. वर्गातल्या मुली हसल्या तर मी सांगायची, अशीच फॅशन असते कलकत्त्याला.

मग ऑक्टोबर आला. २० तारखेला लढाई पेटली. त्या वर्षीची दिवाळी ऑक्टोबरअखेर होती, आणि फटाके उडवायचे की नाही यावर गल्लीत सभा झाली. आमच्याकडे रेडिओ नव्हता. ज्यांच्याकडे होता त्यांच्या ओसरीवर संध्याकाळी सगळे जमायचे आणि बोमदिला, तवांग अशी नावं ऐकायचे. शाळेत आम्ही संरक्षण निधीला पैसे दिले. आई जवानांसाठी स्वेटर विणायची, शेवाळी रंगाचा, आणि आम्हाला त्या लोकरीला हात लावू द्यायची नाही. नोव्हेंबरात यशवंतराव चव्हाण दिल्लीला गेले, हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला म्हणून बाबांचे डोळे भरून आले. जानेवारीत सुवर्णनियंत्रण आलं आणि इतवारीतल्या सोनारांच्या पोटावर पाय पडला. हे सगळं मला आठवतं, किंवा मागाहून इतक्यांदा ऐकलंय की आठवल्यासारखं वाटतं.

जे कुणाकडून ऐकलेलं नाही ते एवढंच, की आम्ही त्या दुकानात जाणं थांबवलं. कुणी जाऊ नका म्हटलं नाही. पुढच्या जूनमध्ये बाबांनी आम्हाला बर्डीवर, म्हणजे सीताबर्डीच्या बाजारात, नेलं आणि तयार बूट घेऊन दिले, दादाला, मला. मी विचारलंही नाही. ती बिल्लस खेळायला येईनाशी झाली, त्याबद्दलही विचारलं नाही. त्यांना ठाण्यात हजेरी द्यावी लागते, गाव सोडायचं तर परवानगी लागते, असं मोठी माणसं दबक्या आवाजात बोलायची. दुकानाची एक फळी उघडी असायची, आत तो काहीतरी ठोकत बसलेला दिसायचा. गिऱ्हाईक दिसायचं नाही.

१९६३चा पोळा आला. नागपूरबाहेरच्यांसाठी सांगते. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे तान्हा पोळा. लेकरं लाकडी बैल सजवून घरोघरी फिरतात आणि बोजारा, म्हणजे बक्षिसाचे पैसे, मिळवतात. त्याच दिवशी मारबत. मारबत म्हणजे इडापिडा घेऊन जाणारा बाईचा मोठा पुतळा. इतवारी-महालातून काळी आणि पिवळी मारबत निघते, मागे बडगे. बडग्या म्हणजे त्या वर्षी ज्याचा राग असेल त्याचा पुतळा. कधी महागाईचा, कधी एखाद्या पुढाऱ्याचा. ‘इडा पिडा घेऊन जा गे मारबत’ म्हणत त्याला गावाबाहेर नेऊन जाळायचं. मोठ्या मिरवणुका तिकडे, पण पोट्ट्यांचे बडगे गल्लोगल्ली.

त्या वर्षी कुणाचा बडग्या करायचा हे ठरवायला सभा लागली नाही.

पोतं, तणस, बांबूच्या कामट्या. तोंडाला मिठाईच्या डब्याचा पुठ्ठा, त्यावर कोळशानं दोन बारीक रेघांचे डोळे. काळ्या सुतळीची वेणी. दादा तेव्हा तेरा-चौदाचा, तोच म्होरक्या. उभा केला तेव्हा कुणीतरी म्हणालं, याचे पाय उघडेच दिसून राहिले. काठ्यांची टोकं नुसती.

मी धावत घरी गेले. कोनाड्यात माझे गेल्या वर्षीचे बूट होते, आखूड झालेले. ते आणले. काठ्यांवर चढवले, पट्टे ओढून बकलं लावली. मला कुणी सांगितलं नव्हतं.

मिरवणूक गल्लीच्या तोंडाशी गेली आणि तिथं थांबली. थांबायचं ठरलेलं नव्हतं, पण सगळे थांबले. दुकान बंद होतं. वरच्या खिडकीत ती होती. डबे वाजत होते, ‘घेऊन जा गे मारबत’ चाललं होतं, माझाही आवाज त्यात होता आणि लहान नव्हता. तिनं पुतळ्याच्या तोंडाकडे पाहिलं की नाही, सांगता येत नाही. तिनं पायांकडे पाहिलं, ते मी पाहिलं. बराच वेळ पाहत होती. मग तिनं मान वळवून आत काहीतरी सांगितलं. तिच्या भाषेत, जी आम्ही तिच्या तोंडून कधी ऐकलीच नव्हती. आणि खिडकी आतून कुणीतरी लावून घेतली.

दिवाळीनंतर ते लोक गेले. गल्लीत म्हणाले, कलकत्त्याला. दुकानात सायकलवाला आला.

आता ज्यासाठी हे लिहायला बसले ते सांगते. ही गोष्ट मी पहिल्यांदा लिहीत नाहीये. आठेक वर्षांपूर्वी आमच्या महिला मंडळाच्या दिवाळी हस्तलिखितात ‘माझी चिनी मैत्रीण’ म्हणून मी लेख दिला होता. बायकांना फार आवडला, एकीनं वाचताना डोळे पुसले. त्या लेखात बूट दादानं माझ्या नकळत आणलेले आहेत. मी बडग्याच्या पायात ते पाहते आणि रडत घरी येते. आणि संध्याकाळी पदराखाली पोळ्याच्या करंज्या लपवून त्यांच्या जिन्यानं वर जाते. नऊ वर्षांच्या पोरीला पदर कुठून आला, हेही तेव्हा कुणाला खटकलं नाही, मलासुद्धा नाही.

हे मी खोटं लिहायचं म्हणून लिहिलं नव्हतं. शपथेवर सांगते, लिहिताना मला तो जिना दिसत होता.

देवलीचं पुस्तक वाचून झाल्यावर मी दादाला विचारलं. तो आता शहात्तरचा आहे, गुडघे गेलेत, पण डोकं खणखणीत. सुपारी कातरत म्हणाला, "बूट? तूच त आणले होते. धावत गेली होती."

"आणि करंज्या?"

"कायच्या करंज्या?"

"संध्याकाळी मी त्यांच्याकडे घेऊन गेले होते न."

दादानं अडकित्ता खाली ठेवला. "आईनं जाऊ दिलं असतं काय? आणि गेली असती तर मी पाहिलं नसतं? आपण त्या संध्याकाळी बोजाऱ्याचे पैसे मोजत बसलो होतो. तुझे माझ्यापेक्षा जास्त झाले होते म्हणून तू नाचत होती."

पैसे मोजलेले मला ताबडतोब आठवले. भोकाचे पैसे वेगळे काढले होते, तेही आठवलं. करंज्या मात्र तेव्हापासून आठवायच्या बंद झाल्या आहेत. जिनाही गेला.

म्हणून म्हटलं, त्या बायांचं काम कठीण. आतल्या पोरांच्या आठवणी जपायला धीर लागतो, कारण त्यांना सांगायचं नसतं. बाहेरच्या पोरांना सांगायचं असतं, फार आनंदानं सांगायचं असतं, आणि सांगताना त्यांच्या हातात करंज्या येतात. मंडळाच्या कपाटातून मी ते हस्तलिखित काढून घेतलं आणि माझ्या लेखाच्या शेवटी दुरुस्ती चिकटवली. ‘बूट मी दिले. करंज्या नेल्या नाहीत.’ अध्यक्षबाई म्हणाल्या, कशाला हो, छान होतं ते. आता कुणाला काय फरक पडतो?

माझा नवरा रेल्वेतला. नागपूर-इटारसी मार्गावर तीस वर्षं गार्ड होता. त्याला माणसांपेक्षा गाड्यांचं जास्त कळतं, असं मी नेहमी म्हणते. पुस्तकातलं त्याला वाचून दाखवत होते. छावणीतल्या बऱ्याच लोकांना १९६३ मध्ये मद्रासहून जहाजांनी चीनला पाठवलं. कित्येकांनी तो देश कधी पाहिलेलाही नव्हता. बाकीचे कुणी काही महिन्यांनी सुटले, कुणी थेट १९६७ मध्ये, आणि परतले तेव्हा घर-दुकान लिलावात गेलेलं. नवरा मध्येच म्हणाला, "थांब. कुठून कुठं?"

"देवलीहून मद्रासला."

"देवलीला रेल्वे नाही. कोट्यापर्यंत मोटारनं. कोटा, बीना, भोपाळ, इटारसी." बोटं मोडत तो थांबला. "मद्रासला जायचं तर नागपूर चुकवून जाणार कुठून? आमचे बाबा तेव्हा लायनीवरच होते. वाफेचं इंजिन, पाणी इथंच घेणार. क्रू इथंच बदलणार. अर्धा तास त कुठंच नाही गेला."

सदरपासून स्टेशन किती? जवळच. रात्री वारा इकडचा असला तर इंजिनाची शिट्टी आमच्या अंथरुणापर्यंत यायची.

अमेरिकेनं महायुद्धात सव्वा लाखाच्या आसपास जपानी वंशाची माणसं अशीच डांबली होती. १९८८ साली कायदा करून त्यांची माफी मागितली आणि हयात असलेल्या प्रत्येकाला वीस हजार डॉलर दिले. देवलीच्या मंडळींची टोरांटोत एक संघटना आहे. त्यांनी आपल्या सरकारकडे पैसे नाहीत मागितले, माफी मागितली आणि छावणीच्या जागी एक खूण. अजून आलेली नाही. भाची म्हणते, आत्या, तू त्यांना लिही. काय लिहू? माझी मैत्रीण देवलीत होती असं मी म्हणू शकत नाही, ती होती असं मला कुणी सांगितलेलं नाही. तरी एक पत्र लिहून ठेवलंय, दीड पान. बुटांचं लिहिलंय, बकलांचं लिहिलंय. भाचीनं इंग्रजी केलं, तर ‘बडग्या’ला तिला शब्द सापडेना. म्हटलं, तसाच ठेव.

आणि परवा मारबत झाली. टीव्हीवर मिरवणूक दाखवत होते, दादाचा फोन आला. त्याला उगाचच त्या दिवसाचं आठवत होतं. म्हणाला, "तुला माहीत आहे काय, तुझे ते बूट जाळलेच नव्हते."

"म्हणजे?"

"आई आली होती न मागून. नाल्यावर पेटवायच्या आधी तिनं काढून घेतले. म्हणाली, एवढं चांगलं चामडं, जाळायला काय झालं? आम्ही बडग्या बिनबुटाचाच पेटवला."

"मग कुठं गेले?"

"जाणार कुठं? गाठोड्यात."

धाकटी मावसबहीण अजून देवळीलाच असते, सुनेकडे. तिला लगेच फोन लावला. तिला कमी ऐकू येतं, ओरडून बोलावं लागतं. मी ओरडून विचारलं, लहानपणी तुला आमच्याकडून काळे बूट आले होते, पट्ट्याचे, आठवतात का?

ती जरा थांबली. मग म्हणाली, "एक बक्कल पांढरं होतं तेच न? घातले न मी. दोन वर्षं घातले. पाय मावेना, पण ते काही फाटले नाही."